काळाच्या ताब्यासाठी युद्ध झालं, तर ते नेमकं कशासाठी लढलं जाईल?

मसुंदा
मंडळी, आपल्या ठाणे-नवी मुंबई गटाच्या दिवाळी अंकासाठी आम्ही काहीजण मिळून एक दीर्घकथा लिहायला घेतली आहे. विषय: काळावर ताबा मिळवण्यासाठी झालेलं युद्ध. जागा आपलीच, खाडीचे दोन्ही काठ. एक फौज ठाण्याच्या बाजूला, दुसरी ऐरोली ते बेलापूर. इथवर सगळ्यांचं एकमत झालं आणि पुढे गाडं अडलं.

गटातल्या दोघांचं म्हणणं, भूतकाळात जाऊन घडलेलं बदलता येणं म्हणजे काळावर ताबा. मला हे पटत नाही. ज्याला मागे जाऊन काहीही पुसता येतं त्याचं कायमचं काही जातच नाही. मग कोण मेलं, कोण हरलं, याने वाचकाला काय फरक पडणार? मला वाटतं खरी लढाई 'आत्ता किती वाजले' हे कोण ठरवणार यावर व्हावी.

हे मी हवेतून बोलत नाही. १८८१ साली गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबईच्या सरकारी कचेऱ्यांना मद्रासची वेळ लावली. ती मुंबईच्या वेळेपेक्षा साधारण अर्धा तास पुढे. शहराने इतका विरोध केला की शेवटी सरकारला माघार घ्यावी लागली. १ जानेवारी १९०६ ला भारतीय प्रमाणवेळ आली, मुंबईच्या वेळेपेक्षा ३९ मिनिटं पुढे. त्याच महिन्यात एका गिरणीतल्या कामगारांनी नव्या वेळेवर काम करायला नकार दिला. महापालिकेने आपली घड्याळं जुन्याच वेळेवर ठेवली आणि मुंबईची वेळ १९५५ पर्यंत तग धरून राहिली. रेल्वे आधीपासूनच मद्रासच्या वेळेने चालायची. म्हणजे त्या काळात ठाण्याला गाडीतून उतरलेला माणूस स्टेशनबाहेर पाऊल टाकताच अर्धा तास मागे जात असे. मला ही कथा तिथून उगवलेली हवी आहे.

तर दोन प्रश्न. या युद्धात हत्यार काय असावं? आणि जिंकणाऱ्याच्या हाती काय पडावं?

फास्टलोकल
रुमाल टाकून ठेवतो. तूर्तास एवढंच सांगतो की ठाण्याच्या बाजूच्या सेनापतीने पहिल्या रात्रीच फलाटावरचे इंडिकेटर ताब्यात घ्यावेत. उरलेलं शहर सकाळी आपणहून शरण येईल.

गणितमास्तर
मसुंदाताई, कल्पना आवडली, पण कालप्रवास तुम्ही फार लवकर बाद केलात. मागे जाणं आणि मागचं बदलणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. कुर्ट गोडेल या गणितज्ञाने १९४९ साली आइनस्टाइनच्या समीकरणांचं एक उत्तर काढून दाखवलं, त्यात फिरत्या विश्वातली वाट वळून स्वतःच्याच भूतकाळात पोचते. पुढे नोविकोव्ह या भौतिकशास्त्रज्ञाने मांडलं की असा प्रवास झाला तरी घडलेलं बदलत नाही. प्रवाशाने तिथे जे केलं ते इतिहासात आधीच धरलेलं असतं. अशा जगातलं युद्ध फार भेदक होईल. दोन्ही बाजूंना उद्याची हार आज ठाऊक आहे, आणि तरी लढायचं आहे.

प्रवाशी कुठे आहेत असं कुणी विचारील म्हणून सांगतो. स्टीफन हॉकिंग यांनी २८ जून २००९ ला कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रण मेजवानी उरकल्यावर जाहीर केलं. कोणी आलं नाही.

तेही नको असेल तर तिसरी वाट आहे, काळाची गती. १९७१ साली हाफेले आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी आण्विक घड्याळं विमानातून पृथ्वीभोवती फिरवून आणली आणि ती जमिनीवरच्या घड्याळांशी जुळेनात. फरक अब्जांश सेकंदांचा होता, पण होता. आता कथेत हाच फरक वाढवा. एखाद्या किल्ल्याला वेढा पडला आहे. आतल्यांनी आतला काळ संथ केला. बाहेर वर्ष उलटतं, आत आठवडा. कोठारातलं धान्य पुरतं, वेढा घालणारे म्हातारे होतात. बेलापूरचा किल्ला तुमच्या नकाशात आहेच.

विटावा_खाडी
मास्तर, वेढा झकास! मात्र त्यात एक कळही आहे. आतले जिंकून बाहेर येतील तेव्हा ज्यांच्यासाठी लढले ते उरलेले नसतील. ककुद्मी राजाची गोष्ट आठवा. लेक रेवतीसाठी वर कोण, हे विचारायला तो ब्रह्मदेवाकडे गेला, गाणं संपेपर्यंत थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली. मनात धरलेले सगळे वर कधीच गेले होते. रेवती मग बलरामाला दिली.

पण मसुंदाताईंच्या बाजूने मी महाभारतच पुढे करतो. चौदावा दिवस. अर्जुनाची प्रतिज्ञा, सूर्यास्ताआधी जयद्रथाला मारीन, नाहीतर अग्निकाष्ठं भक्षण करीन. कौरवांना त्या दिवशी जिंकायची गरजच नव्हती, फक्त दिवस सरायला हवा होता. सगळं सैन्य एका माणसासमोर भिंत करून उभं राहिलं ते वेळ काढायला. मग कृष्णाने सूर्य झाकला. दिवस संपला असं दोन्ही बाजूंना वाटलं, जयद्रथ बाहेर आला, आणि हा सूर्य, हा जयद्रथ! सूर्य कुठेही गेलेला नव्हता. मावळला की नाही, हे ठरवणं तेवढं एका हाती गेलं होतं.

लोक इथे थांबतात, मला पुढचं जास्त लागतं. त्या रात्री युद्ध थांबलंच नाही. मशाली पेटवून लढले आणि घटोत्कच त्या रात्री पडला. सूर्यास्ताला शस्त्रं खाली ठेवायची ही मर्यादा एकदा मोडल्यावर दिवस आणि रात्र यांत भेद उरला नाही. तुमच्या कथेत ही रात्र हवीच. वेळेवर हात टाकला की त्याची किंमत दोन्ही बाजूंची पोरं मोजतात.

तळ्यात_मळ्यात
+१. अंगावर काटा आला.

पानिपतकर
हे सगळं ठीक, पण मला मागे जायचंच आहे. १४ जानेवारी १७६१. विश्वासरावांना गोळी लागू द्यायची नाही, बास. काळावर ताबा मिळाला आणि मराठी माणूस तिथे गेला नाही, हे कोणता वाचक मानील?

मसुंदा
पानिपतकर, इच्छा समजते, माझीही तीच आहे. म्हणून तर टाळते आहे. एकदा तो दरवाजा उघडला की आपली खाडी, ठाणे, सगळं मागे पडेल आणि आपण तिथेच रमू. मास्तरांचा संथ किल्ला आणि विटावादादांची मशालींची रात्र, दोन्ही उचलली.

निशाचर_ऐरोली
हे युद्ध होणार आहे असं तुम्ही सगळे बोलताय. आमच्याकडे ते होऊन गेलं.

ऐरोलीच्या एका कंपनीत रात्रपाळी करतो. आमच्या मजल्यावरच्या भिंतीवर अमेरिकेतल्या शहरांची घड्याळं आहेत आणि काम त्यांच्यावर चालतं. तिकडे मार्चमध्ये घड्याळं तासभर पुढे करतात, नोव्हेंबरमध्ये मागे. इकडे कोणाचंच घड्याळ हलत नाही, पण त्या आठवड्यापासून आमची पाळी तासाने सरकते, बस सरकते, जेवण सरकतं. परदेशातल्या एका कायद्याने घणसोलीतल्या एका घरात कुकर कधी लावायचा ते ठरतं. आई माझ्यासाठी सकाळी सातला रात्रीचं जेवण वाढते आणि बाबा शेजारी बसून चहा घेतात. एकाच टेबलावर दोन दिवस.

म्हणून मला तुमच्या कथेत तोफा नकोत. हरलेल्या बाजूची माणसं हवीत, रोज दुसऱ्याच्या दिवसात जगून स्वतःच्या घरी परतणारी. आणि ती रडकी नकोत. आम्ही पहाटे साडेपाचला ठाणे-बेलापूर रस्त्यावर टपरीवर उभं राहून जे हसतो ते पण त्यात यायला हवं.

नौपाड्याची_सून
निशाचर, फार नेमकं लिहिलंस.

माझ्याकडून एक हत्यार: पाण्याची चावी. मी वाढले त्या चाळीत पाणी पहाटे यायचं, ठरल्या वेळी. सगळ्या बायकांचा दिवस त्या वेळेला बांधलेला. घड्याळात काय वाजले याला अर्थ नव्हता, पाणी आलं की उठायचं. चावीवाला अर्धा तास उशिरा आला तर पोरांची शाळा, नवऱ्याचा डबा, देवपूजा, सगळं अर्धा तास पुढे. तोफ डागण्यापेक्षा चावीवाला फितवा. एका रात्रीत अख्ख्या आळीची वेळ तुमची.

फास्टलोकल
इंडिकेटर मागे घेतो. चावीवाला सेनापती करा.

वागळेकाका
मी आयुष्यभर वागळे इस्टेटमध्ये नोकरी केली. एमआयडीसी १९६२ ला सुरू झाली आणि तिची पहिली वसाहत आमची, त्यामुळे तुमच्या या युद्धाचा एक मोर्चा तिथे मांडायला हवा.

कारखान्याचं नाव सांगत नाही. गेटवर एक घड्याळ होतं आणि त्याच्याखाली पंचिंगचं यंत्र. सकाळी ते घड्याळ पुढे धावायचं आणि संध्याकाळी रेंगाळायचं, ही आमची ठाम समजूत. भोंगा त्याच घड्याळावर व्हायचा. तीन मिनिटं उशीर झाला की अर्धा तासाचा पगार कापला जाई. वाद घातला तर साहेब बोट वर करून गेटवरचं घड्याळ दाखवत. ते घड्याळ म्हणजे शेवटचा शब्द.

मग पोरांनी एचएमटी घ्यायला सुरुवात केली. लोकांना वाटतं घड्याळ हौसेने घेतलं. नाही! पहिल्या बोनसचं घड्याळ म्हणजे साक्षीदार होता आमचा. रेडिओवरच्या बातम्यांच्या ठोक्याला लावायचं आणि गेटवर मनगट वर करायचं. एकाचं घड्याळ खोटं म्हणता येतं, साठ जणांची मनगटं एकच वेळ दाखवायला लागल्यावर काय म्हणणार? युनियनने पुढे कँटीनमध्ये स्वतःचं घड्याळ लावलं. त्या दिवशी आम्ही पेढे वाटले होते, आणि त्यात गंमत काही नव्हती, जीव होता.

मसुंदा, तुझ्या प्रश्नाचं माझ्यापुरतं उत्तर हे. जिंकणाऱ्याच्या हाती 'तू उशिरा आलास' असं म्हणायचा हक्क येतो.

मसुंदा
काका, हे शेवटचं वाक्य कथेत जसंच्या तसं घेऊ का? परवानगी द्या.

वागळेकाका
घे गं. पण ते युनियनवाल्याच्या तोंडी घाल, सेनापतीच्या नको.

उपग्रही
हत्यारांबद्दल लिहितो, कारण यातलं एक हत्यार खरोखर वापरात होतं.

जीपीएस म्हणजे मुळात आकाशात फिरणारी घड्याळं. संकेत निघाला कधी आणि पोचला कधी यावरून अंतर निघतं. प्रकाश एका अब्जांश सेकंदात साधारण ३० सेंटिमीटर जातो, त्यामुळे घड्याळातली बारीकशी चूक जमिनीवर मोठी होते. मास्तरांनी सांगितलेला सापेक्षतेचा परिणाम तिथे रोज दिसतो: उपग्रहावरचं घड्याळ जमिनीपेक्षा दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे जातं. ती दुरुस्ती केली नाही तर एका दिवसात स्थान सुमारे १० किलोमीटर चुकेल.

आता मुद्दा. मे २००० पर्यंत अमेरिका सामान्य माणसाला मिळणाऱ्या संकेतातलं घड्याळ मुद्दाम किंचित डळमळतं ठेवत असे. स्वतःच्या सैन्याला खरी वेळ, उरलेल्या जगाला थोडी खोटी. त्यामुळे इतरांचं स्थान १०० मीटरपर्यंत चुकायचं. बंदूक नाही, धमकी नाही, नुसती खोटी वेळ. आपण स्वतःचे 'नाविक' हे दिशादर्शनाचे उपग्रह सोडले त्यामागे हे परावलंबन आहे. आणि पहिल्याच उपग्रहावरची तिन्ही रुबिडियमची आण्विक घड्याळं बंद पडली तेव्हा यान आकाशात धडधाकट असूनही दिशादर्शनाच्या कामाचं उरलं नाही.

ऐरोली-महापेची डेटा सेंटर तुमच्या नकाशात येतातच. तिथल्या यंत्रांची आपसातली वेळ फिसकटवली तर कोणता व्यवहार आधी झाला आणि कोणता नंतर, हेच सांगता येणार नाही. पैसे कोणी चोरले नाहीत, पण कोणाचे आहेत हे ठरेना!

पंचांगी
सगळे तास-मिनिटांत अडकलात. वर्ष कोणाचं, हा वाद त्याहून मोठा. १६७४ च्या ज्येष्ठात महाराजांनी राज्याभिषेक केला आणि स्वतःचा शक सुरू केला. गड, तोफा, खजिना हे सगळं इतरांकडेही होतं. वर्षं आमच्यापासून मोजा, असं म्हणायला वेगळी छाती लागते. मागच्या पिढ्यांचे कागद बघा, त्याच मुलखात हिजरी, फसली, शुहूर, शालिवाहन, किती कालगणना एकावर एक चालत होत्या. तुमच्या कथेतल्या फौजांनी वाजले किती यावर डोकी फोडावीत आणि साल कोणतं हे विचारू नये?

कोकणकन्या_पनवेल
पंचांगीकाका, घरचंच उदाहरण. आमच्या गावात टिळक पंचांग. अधिक महिना वेगळा धरला गेला की आमचे गणपती दाते पंचांगवाल्यांच्या महिनाभर आधी येतात. नवऱ्याच्या घरी दाते. त्या वर्षी मी दोनदा मोदक करते.

तळ्यात_मळ्यात
दोनदा मोदक! या युद्धात तह करायचाच नाही.

पंचांगी
थट्टा नको, त्या वेळी आमच्या भावकीत खरंच भांडणं झालेली पाहिली आहेत. राशीचक्राचा आरंभ रेवतीच्या ताऱ्यावरून धरायचा की चित्रेच्या, एवढ्यावर. म्हणून शासनाने मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली आणि २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका लागू केली. राजपत्रावर, आकाशवाणीवर ती आहे. घरात मात्र कोणी लावली नाही.

नकाशा_नेरुळ
जिंकलेल्याने हरलेल्याची वेळ बदलणं याची उदाहरणं ढिगाने आहेत. १९४० मध्ये जर्मनीने फ्रान्सचा जो भाग व्यापला तिथली घड्याळं बर्लिनच्या वेळेला लावली. त्याच साली हुकूमशहा फ्रँकोच्या स्पेनने आपण होऊन तीच वेळ घेतली. युद्ध संपून इतकी वर्षं झाली तरी स्पेन अजून त्याच पट्ट्यात आहे. चीनमध्ये १९४९ नंतर सगळ्या देशाला बीजिंगची एकच वेळ. दूर पश्चिमेला शिंज्यांगमध्ये उइगुर लोक आपसात दोन तास मागची स्थानिक वेळ पाळतात. एकाच बाजारात 'किती वाजले' विचारलं तर उत्तरावरून समोरचा कोण ते कळतं.

मसुंदाताई, हा प्रसंग खाडीपुलावर घालता येईल. नाक्यावर पहारेकरी नाव-गाव विचारत नाही, नुसतं विचारतो, किती वाजले?

निशाचर_ऐरोली
नकाशा, हे वाचून थांबलोच जरा. मी त्या पुलावर काय उत्तर देईन ते मला खरंच सांगता येत नाही.

विटावा_खाडी
तूच नायक आहेस निशाचर.

गणितमास्तर
नाक्याचा प्रसंग उत्तम आहे, पण माझा आक्षेप नोंदवून ठेवा. आतापर्यंतची सगळी उदाहरणं मोजमापाच्या ताब्याची आहेत, काळाच्या नव्हे. घड्याळ कोणाचंही असो, बर्फ तेवढ्याच वेगाने वितळतो, पोर तेवढ्याच दिवसांनी जन्मतं. कोणाच्याही हुकमाला न जुमानणारा काळ कथेत कुठेतरी दिसला पाहिजे. नाहीतर ही कचेऱ्यांची लढाई होईल.

कोळीवाड्याची_लेक
मास्तर, तो काळ तुम्हाला दाखवते. खाडी.

दोन्ही फौजा खाडीच्या दोन काठांवर बसवल्यात आणि भरती-ओहोटी कोणाच्याच लक्षात नाही! भरती रोज साधारण ५० मिनिटं पुढे सरकते. पुनवेला आणि अवसेला दुपारी बाराच्या सुमारास भरती, तीही उधाणाची. अष्टमीच्या आसपास भांग, पाणी धड चढत नाही, धड उतरत नाही. माझ्या आजोबांना घड्याळ वाचता येत नव्हतं. तिथ सांगा, ते होडी कधी काढायची ते सांगत. ओहोटीला चिखल उघडा पडला की रोहित पक्षी उतरतात, ते पण तिच्यावरच चालतात.

तुमचे सेनापती हुकूम काढतील, पहाटे चारला खाडी ओलांडा. एकाचे चार आणि दुसऱ्याचे चार वेगळे, आणि पाणी दोघांचंही ऐकणार नाही. नावा चिखलात रुततील. ज्याच्याकडे कोळी असेल तोच पार जाईल. आणि कोळी कोणाच्या बाजूने जाईल, हे त्याला कोणी विचारलं का?

खारफुटी तोडली, भराव टाकले, तरी तिचं गणित अजून चंद्राशीच आहे. कथेत तिला नुसता देखावा करू नका, एवढीच विनंती.

गणितमास्तर
लेकी, हेच हवं होतं. आक्षेप अर्धा मागे.

पानिपतकर
आणि यातून उतार कधी, पाणी कुठे, हे न कळल्याने फौजेचं काय होतं, ते आम्हाला विचारा. यमुनेला पूर असताना अब्दाली बागपतजवळून अलीकडे उतरला. माझं पानिपत नको असेल तर नको, पण ओलांडण्याचं प्रकरण मला द्या.

मसुंदा
दिलं! पण कोळीवाड्याच्या लेकीबरोबर बसून लिहायचं, एकट्याने नाही.

आता इथवरचं जुळवते. युद्धाचं कारण: ठाण्याच्या बाजूला स्थानिक वेळ, पलीकडे दूरच्या राजधानीची, मध्ये ३९ मिनिटं. हत्यारं: चावीवाला, गेटवरचं घड्याळ, उपग्रहावरची खोटी वेळ. पुलावरचा नाका निशाचरने लिहावा, त्याला जमेल तेव्हा. मशालींची रात्र विटावादादा. पंचांगीकाका, दोन्ही बाजूंची वर्षंही वेगळी असतील, पण ते पहिल्या पानावर न सांगता तहाच्या वेळी उघड करू. तहाच्या कागदावर तारीख कोणती घालायची यावरच तह मोडतो. चालेल?

पंचांगी
चालेल काय, धावेल. तहाचा मसुदा मी लिहितो, दोन्ही तारखांसकट.

वागळेकाका
जिंकणार कोण ते ठरलं का?

मसुंदा
नाही काका. माझं मन म्हणतं ठाण्याची बाजू हरावी, मुंबईची वेळ हरली तशी. नकाशा म्हणतो तसं, पुढच्या पिढीला दुसरी वेळ होती हे आठवूही नये.

नौपाड्याची_सून
माझा विरोध. चाळीतल्या बायका विसरत नाहीत. हरू दे, पण एखाद्या घरात जुन्या वेळेवर दिवा लागत राहू दे.

निशाचर_ऐरोली
मी पलीकडच्या बाजूने लिहीन. एक वेळ असावी असं मनापासून वाटणारा माणूस मला हवा आहे. भावाला तार वेळेत पोचली नाही म्हणून, दोन गाड्या एकमेकींवर आदळल्या म्हणून, अशा एखाद्या कारणाने त्या फौजेत गेलेला. त्यालाच पुलावर उभा करतो. नाका ओलांडणारा कोण ते तुम्ही ठरवा, प्रश्न विचारणारा माझा.

मसुंदा
मान्य. ओलांडणारी कोळीवाड्याची. लेकी, तिच्या टोपलीत त्या दिवशी काय असेल ते तिथीनुसार सांग, म्हणजे मी सुरुवात करते.

कोळीवाड्याची_लेक
भांग धर, अष्टमी. टोपली अर्धीच भरलेली असेल, आणि ती घाईत असेल.